कामिनोच्या डॉक्युमेंटरीत मेसेटा गाळतात का?

पायपीट: काल कामिनो दे सांतियागोवरची (स्पेनमधली सांतियागोपर्यंतची पायी तीर्थयात्रा) एक डॉक्युमेंटरी बघितली, त्यातला फ्रेंच रूट, पिरेनीजपासून सांतियागोपर्यंत जवळपास ७८० किमी. डोंगर मस्त दाखवलेत, क्रुस दे फेर्रोला, म्हणजे वाटेतल्या लोखंडी क्रॉसपाशी, दगड ठेवताना सगळे रडतात, शेवटी कॅथेड्रलमध्ये तो धुपाचा अवाढव्य बोताफुमेइरो झुलतो. पण बुर्गोस ते लेओन, म्हणजे मेसेटाचं सपाट पठार? ड्रोनचा एक शॉट आणि मागे गिटार, संपलं. तो पट्टा एवढा बोअर आहे का, की सरळ बस पकडावी? तसं केलं तर सर्टिफिकेट मिळतं का?

सावकाश_चाला: सर्टिफिकेटला निदान १०० किमी पायी चालून सांतियागोला पोचायचं, म्हणून तर सार्रियापासून एवढी झुंबड असते. तिथून पुढे क्रेदेन्सियालवर (यात्रेकरूच्या पासपोर्टवर) रोज दोन शिक्के घ्या म्हणजे झालं. पण बस घेऊ नका असं माझं मत. बघायला फारसं काही नाही हे खरंय, कारियोन गाव सोडलं की १७ किमी एकही गाव लागत नाही, नुसती गव्हाची शेतं आणि खडीचा रस्ता, त्यात तोंड पश्चिमेला त्यामुळे सकाळभर आपलीच लांबलचक सावली पुढे पुढे, तीच बघत चालायचं. डोंगरात सगळं लक्ष पायाखाली असतं, इथे मात्र डोक्यातली जुनी भांडणं वर येतात आणि ती कुठल्या कॅमेऱ्यात येणार सांगा.

अर्धीवाट: भांडणं वगैरे ठीक आहे हो, जुलैच्या उन्हात चालून बघा मग बोलू 😀 मी घेतली बस, काडीचा पश्चात्ताप नाही. फिल्मवाल्यांवर माझा राग वेगळाच आहे, टाचेचा फोड सुईने फोडून दोरा आत ठेवणारी माणसं कुणी दाखवत नाही, आल्बेर्गेत (यात्रेकरूंच्या धर्मशाळेत) रात्री दहाला दिवे बंद झाल्यावर जे घोरणं सुरू होतं ते तर नाहीच नाही. आणि तो बोताफुमेइरो रोज झुलत नाही बरं का! ठरावीक सणांना, नाहीतर कोणी आधी देणगी भरली असेल तर.

खडूफळा: वाट दाखवणाऱ्या पिवळ्या बाणांबद्दल काही होतं का त्यात? वाटेतल्या ओ सेब्रेइरो गावचे पाद्री एलियास वालिन्या यांनी १९८४ मध्ये रंगाचे डबे घेऊन ते काढायला सुरुवात केली, खरी डॉक्युमेंटरी त्यांच्यावर व्हायला हवी.

पायपीट: बाण दिसले, पाद्रींचं नाव नाही घेतलं. बरं, मेसेटा चालायचाच तर मे की सप्टेंबर?

सावकाश_चाला: मे. सप्टेंबरात गहू कापलेला असतो, मग खरंच काही उरत नाही बघायला.