कैरोतलं प्रेम: अडतं कुठे, हिजाबपाशी की फ्लॅटपाशी?

निळी शाई
इजिप्तमधल्या तरुणांचं प्रेम आणि हिजाब यावरचा एक माहितीपट काल पाहिला. हिजाबवाली मुलगी मित्राशेजारी नाईलकाठी बसलेली दिसली, तर निवेदकाला केवढं नवल! अहो, कैरोत कसर अल-नीलच्या पुलावर संध्याकाळी अशा जोड्या कठड्याला टेकून उभ्याच असतात. प्रेम अडतं ते फ्लॅटपाशी. लग्न करायचं तर मुलाने घर दाखवायचं, 'शबका' म्हणजे सोनं घालायचं, वर घरातल्या सामानाच्या 'कायमा' नावाच्या यादीवर सही करायची. पोरगा त्यातच पिचतो. कॅमेरा मात्र डोक्यावरच्या फडक्याभोवती घिरट्या घालतो.

खडूस
फडकं म्हणून झटकू नका. हिजाब असला की मुलगी 'चांगल्या घरची' ठरते, म्हणून तिला पुलावर उभं राहता येतं. हा परवानाच झाला की. ज्या मुलीला तो नको, तिने काय करायचं? १९२३ साली इजिप्तमधल्या स्त्रीवादी नेत्या हुदा शारावी रोमच्या महिला परिषदेहून परतल्या आणि कैरो स्टेशनवर त्यांनी बुरखा काढला. १९७०नंतर मात्र गंगा उलटी वाहिली, बायका पुन्हा डोकं झाकू लागल्या.

निळी शाई
त्यांनी काढला तो चेहऱ्यावरचा बुरखा. चेहरा झाकणारा नकाब आणि फक्त डोकं झाकणारा हिजाब एकाच गाठोड्यात बांधू नका. आणि सक्ती काय एकाच बाजूने होते? सरकारी टीव्हीवर हिजाब घालून बातम्या द्यायला २०१२ साल उजाडावं लागलं. तोवर तिथे हिजाबवालीला पडद्यावर जागा नव्हती.

गावठी_वकील
दोघंही 'उर्फी' लग्न विसरलात. एक कागद, दोन साक्षीदार, नोंदणी नाही. फ्लॅट परवडत नाही म्हणून किंवा घरचे ऐकत नाहीत म्हणून कितीतरी जोडपी हे गुपचूप उरकतात. उद्या त्याने लग्नच नाकारलं, तर पोटगीचा दावा उभा राहत नाही. २००० सालच्या कायद्याने निदान घटस्फोट मागता येतो, तोही लेखी पुरावा असेल तरच. हिजाब असो वा नसो, मुलगी त्या एका कागदावर लटकलेली.

खडूस
वकीलसाहेब, कागदाचं पटलं. पण मुली तो कागद जवळ का ठेवत नसतील? घरात सापडेल म्हणून. ज्या घरात ही धास्ती आहे, त्याच घरात 'डोकं झाकून जा' म्हणतात. मग हिजाब बाजूला ठेवून बोलायचं कसं?