मदत हवी आहे: सगळे रिपोर्ट नॉर्मल, तरी आईला समोरची वस्तू दिसत नाही. कॉर्टेक्सचं काम नेमकं तपासतात कसं?

मृण्मयी_लिहिते

नमस्कार. आईबद्दल विचारायचं आहे. जरा सविस्तर लिहिते, कारण थोडक्यात सांगितलं की गाडी 'डोळे दाखवून घ्या' इथेच थांबते, आणि डोळे दाखवून झालेत.

आई ५९ वर्षांची. नोकरी संपेपर्यंत गणित शिकवलं. गेल्या दीडेक वर्षापासून वाचताना तिला ओळ सापडत नाही. एक ओळ संपली की नजर पुढच्या ओळीच्या सुरुवातीला न जाता भलतीकडेच जाते. टेबलावर पेन, रिमोट, औषधाची पट्टी आणि चष्मा असं सगळं एकत्र पडलेलं असलं की त्यातला चष्मा तिला दिसत नाही. बाकीच्या वस्तू उचलून घेतल्या की लगेच दिसतो. पेल्यात पाणी ओतताना धार पेल्याच्या बाजूला जाते. आणि सगळ्यात चक्रावून टाकणारी गोष्ट म्हणजे वर्तमानपत्रातला मोठा मथळा तिला वाचता येत नाही, पण त्याखालची बारीक अक्षरं ती वाचते! हे ऐकून घरातल्या एका वडीलधाऱ्यांनी 'मग नाटक करतेय' असा निष्कर्ष काढला. ती खूप रडली. मला त्याचा अजून राग आहे.

बोलणं अगदी व्यवस्थित आहे. काल कोण आलं, काय बोलणं झालं, सगळं लक्षात असतं. आपलं काहीतरी बिघडलंय हे तिला पूर्ण कळतं.

आतापर्यंत काय झालं: चष्म्याचा नंबर बदलला. एका डोळ्याचा मोतीबिंदू काढला, फरक शून्य. डोळ्याचा पडदा आणि दाब ठीक. रंगीत ठिपक्यांतला आकडा ओळखायच्या चाचणीत तिला आकडे दिसले नाहीत म्हणून 'रंगदोष' असा शेरा आला, पण लोकरीच्या गुंड्यांचे रंग ती बिनचूक सांगते. डोळ्यापासून मेंदूपर्यंत संदेश पोचतो का ते बघणारी व्हीईपी नॉर्मल. एमआरआयवर 'वयोमानानुसार बदल'. मेंदूतल्या विजेच्या लाटा टिपणारा ईईजी नॉर्मल. स्मरणशक्तीची ३० गुणांची चाचणी घेतली त्यात २७ पडले. एक गुण चित्र उतरवण्यात गेला, दोन वजाबाकीत. शेवटी 'ताण आहे' म्हणून एक गोळी सुरू केली.

माझा प्रश्न असा आहे. मेंदूचा कॉर्टेक्स दिसायला ठीक आहे आणि त्याचं काम ठीक चाललंय, या दोन गोष्टी एकच का? नसतील तर काम तपासायची पद्धत कोणती? यातली कुठली चाचणी अजून झालेलीच नाही, आणि डॉक्टरांना नेमकं काय विचारू? कोणाला अनुभव असेल किंवा कोणी या क्षेत्रातलं असेल तर कृपया लिहा.

पिंपळपान

ताई, बी१२ आणि थायरॉइड बघितलंय ना? आणि झोप नीट लागते का, घोरणं, मध्येच श्वास अडकणं असं काही? ॲलर्जीच्या, लघवीच्या, झोपेच्या काही गोळ्यांनीसुद्धा मेंदूचं काम मंदावतं. सगळ्या औषधांची यादी डॉक्टरांसमोर ठेवा.

मृण्मयी_लिहिते

बी१२ आणि थायरॉइड दोन्ही ठीक आहेत. घोरत नाही. रक्तदाबाची एक गोळी आणि ही नवीन, एवढंच.

अनवाणी

मृण्मयी, मी न्यूरोसायकॉलॉजीच्या, म्हणजे मेंदूचं काम तपासणाऱ्या, चाचण्या घेते. इथे बसून निदान करता येत नाही आणि मी करणारही नाही. पण तुम्ही लिहिलेल्या खुणा एका दिशेला बोट दाखवतात, त्या कोणीतरी एकत्र मांडून बघायला हव्यात.

आधी तुमचा मूळ प्रश्न. कॉर्टेक्स म्हणजे मेंदूचा वरचा २ ते ४ मिलिमीटर जाडीचा घड्या पडलेला थर. सुमारे १६ अब्ज चेतापेशी त्यात असतात. एमआरआय या थराचा आकार दाखवतो: गाठ आहे का, रक्तस्राव झालाय का, कुठे आक्रसलाय का. पेशी मेल्या, थर पातळ झाला की आकार बदलतो. पण पेशींचं काम त्याच्या बरंच आधी ढासळू शकतं. त्यामुळे 'एमआरआय नॉर्मल' याचा अर्थ 'रचनेत ठळक बिघाड दिसला नाही' एवढाच घ्यायचा.

आता व्हीईपी. चौकटींचा पट उलटसुलट होताना बघायला लावतात आणि डोक्याच्या मागच्या बाजूला साधारण १०० मिलिसेकंदांनी येणारी लाट मोजतात. ती वेळेवर आली म्हणजे डोळा, दृष्टिचेता आणि डोक्यामागचा प्राथमिक दृष्टिकॉर्टेक्स इथवरचा रस्ता चालू आहे. पण बघण्याचं खरं काम तिथून पुढे सुरू होतं. एक वाट खाली, कानाजवळच्या टेम्पोरल भागाकडे जाते, ती वस्तू काय आहे ते ओळखते. दुसरी वर, माथ्याकडच्या पॅरायटल भागाकडे जाते. वस्तू कुठे आहे, हात किती लांब न्यायचा, अनेक गोष्टींतून एक कशी वेचायची हे तिचं काम. या पुढच्या वाटांबद्दल व्हीईपी काहीच सांगत नाही.

तुमच्या आईच्या तक्रारी या दुसऱ्या वाटेच्या वाटतात. घोळक्यातला चष्मा न दिसणं आणि एकटा असला की दिसणं, म्हणजे एका वेळी एकच गोष्ट नजरेत मावणं. मथळा न वाचता येणं आणि बारीक अक्षरं वाचता येणं हे त्यातूनच येतं, कारण नजरेच्या छोट्या चौकटीत बारीक शब्द पूर्ण बसतो आणि मोठ्या शब्दाचा तुकडाच येतो. हे नाटक नाही. असं नाटक कोणाला सुचणारही नाही. ठिपक्यांतला आकडाही याच कारणाने हुकतो. रंग कळतात, ठिपके जोडून आकडा होत नाही.

आणि ते २७ गुण. त्या चाचणीत वार, तारीख, ठिकाण यांचे १०, शब्द लगेच परत म्हणण्याचे ३, वजाबाकीचे ५, शब्द नंतर आठवण्याचे ३, भाषेचे ८ आणि दोन पंचकोन उतरवण्याचा फक्त १ गुण असतो. बघण्याशी संबंधित कॉर्टेक्स पार कोलमडला तरी माणूस त्यात चांगले गुण मिळवू शकतो. मला बेरीज महत्त्वाची वाटत नाही, कुठले गुण गेले ते वाटतं. जन्मभर गणित शिकवलेल्या बाईंचे दोन गुण शंभरातून सात-सात वजा करताना जातात, ही मला या सगळ्या रिपोर्टांतली सर्वांत मोठी खूण वाटते. डाव्या पॅरायटल भागातल्या अँग्युलर गायरस या घडीला इजा झाली की आकडेमोड, लिहिणं, बोटं ओळखणं आणि डावं-उजवं या चारही गोष्टी एकत्र बिघडू शकतात.

या सगळ्याला जुळणारा एक आजार आहे, पोस्टेरिअर कॉर्टिकल ॲट्रफी, म्हणजे मागच्या बाजूचा कॉर्टेक्स आक्रसत जाणं. फ्रँक बेन्सन यांनी १९८८ मध्ये त्याचं वर्णन केलं. बहुतेकदा ५० ते ६५ या वयात सुरू होतो, स्मरणशक्ती सुरुवातीला शाबूत असते, आणि माणूस डोळ्यांच्या डॉक्टरांकडे फेऱ्या मारत राहतो. बहुतेक वेळा मुळाशी अल्झायमरचीच प्रक्रिया असते, फक्त ती मागच्या बाजूने सुरू झालेली असते. हे वाचायला जड जाईल, पण वर्षभर नुसता चष्मा बदलत बसण्यापेक्षा हे नाव डॉक्टरांसमोर उच्चारलेलं बरं.

तीन गोष्टी मागा. एक, सविस्तर न्यूरोसायकॉलॉजी तपासणी, आईच्या मातृभाषेत, आणि तिचं शिक्षण व आधीची कुवत धरून. त्यात घड्याळ काढणं, एकमेकांवर काढलेली चित्रं वेगळी ओळखणं, अर्धवट पुसलेली अक्षरं वाचणं, रेघेचा मध्य दाखवणं हे असायला हवं. दोन, तोच एमआरआय पुन्हा वाचून घ्या. रेडिओलॉजिस्टना चिठ्ठीत 'पॅरायटल आणि ऑक्सिपिटल (डोक्यामागच्या) भागाचं आक्रसणं बघा' असं स्पष्ट लिहून हवं. पॅरायटल भाग किती आक्रसलाय ते सांगायला ० ते ३ अशी कोएडम श्रेणी आहे. नुसतं 'डोकेदुखी, धूसर दिसणं' लिहून पाठवलं तर तिकडे कोणी मुद्दाम बघत नाही. तीन, एफडीजी-पेट करावा का ते विचारा. ग्लुकोजसारखं किरणोत्सारी द्रव्य टोचून केलेलं हे स्कॅन. त्यात कॉर्टेक्सचा कुठला भाग किती ग्लुकोज वापरतोय ते दिसतं, म्हणजे प्रत्यक्ष कामाचा अंदाज येतो.

रानवारा_७

मी ईईजी करतो, तेवढ्यापुरतं बोलतो. डोक्याच्या त्वचेवर जे उमटतं ते कॉर्टेक्समधल्या एका दिशेत उभ्या असलेल्या हजारो-लाखो पिरॅमिडल (पिरॅमिडच्या आकाराच्या) पेशींच्या एकत्रित विद्युत बदलाचं असतं. काही चौरस सेंटिमीटर भाग एकाच वेळी, एका लयीत चालला तरच वर काही दिसतं. वेळेच्या बाबतीत ईईजी फार तीक्ष्ण, मिलिसेकंदांत चालतो, पण जागेच्या बाबतीत ढोबळ.

आम्ही पहिल्यांदा बघतो ती डोक्याच्या मागची लय. डोळे मिटले की ८ ते १३ हर्ट्‌झची अल्फा लय येते आणि डोळे उघडले की विरते. हान्स बर्गर यांनी १९२९ मध्ये माणसाचा पहिला ईईजी छापला तेव्हा हेच दाखवलं होतं. अल्झायमरमध्ये ही लय हळूहळू मंदावते, पण सुरुवातीला नॉर्मल असू शकते. तेव्हा नॉर्मल ईईजीवर विसंबू नका. मात्र तो वायाही गेलेला नाही. असाच दृष्टीचा गोंधळ आठवड्या-महिन्यांत झपाट्याने वाढला असता तर आम्ही प्रिऑन आजाराच्या (बिघडलेल्या प्रथिनांमुळे मेंदू झपाट्याने खराब होणारा आजार) ठरावीक अंतराने येणाऱ्या टोकदार लाटा शोधल्या असत्या. तुमच्याकडे दीड वर्ष चाललंय, हा वेग वेगळा आहे. डॉक्टरांना हा वेग आवर्जून सांगा.

मृण्मयी_लिहिते

अनवाणीताई, रानवारा, दोघांचे मनापासून आभार. एवढं कोणी समजावून सांगितलंच नव्हतं.

आईला विचारून, तिच्या मर्जीने, थोडं करून पाहिलं. घड्याळाचं वर्तुळ तिने नीट काढलं, पण बाराच्या बारा आकडे उजव्या अर्ध्यात दाटीवाटीने बसवले आणि स्वतःच म्हणाली, "हे चुकलंय, पण कसं सुधारू ते कळत नाही." तिला डोळे मिटायला सांगून मी तिच्या बोटाला हात लावला तर तर्जनी आणि मधलं बोट यात तिची गल्लत झाली. डावा हात उजव्या कानाला लाव म्हटलं तर बराच वेळ थांबली. हे मी डॉक्टरांना दाखवू का? व्हिडिओ काढला तर चालेल?

अनवाणी

घड्याळाचा तो कागद तारीख घालून जपून ठेवा, न्या. व्हिडिओ तिच्या संमतीने काढा, पण चाचणीचा नको, पाणी ओतण्याचा आणि वाचण्याचा काढा. तपासणीच्या खोलीत ते दिसत नाही. आणि घरी पुन्हापुन्हा परीक्षा घेऊ नका. सराव झाला की खऱ्या चाचणीचे गुण फसवे येतात, आणि तिला दर वेळी आपली हार बघावी लागते.

काजवा

थोडं अवांतर, माफ करा. भावाला पक्षाघात झालाय, हात अजिबात हलत नाही. कॉर्टेक्सचं काम तपासायचं म्हणजे चुंबकाने हात उडवून बघतात असं ऐकलं. ते काय असतं?

रानवारा_७

टीएमएस, म्हणजे डोक्यावरून चुंबकाने मेंदूला चालना देणं. १९८५ मध्ये शेफिल्डच्या अँथनी बार्कर यांनी आणलं. डोक्यावर धरलेल्या वेटोळ्यातून क्षणभर चुंबकीय झोत सोडतात, त्याने खालच्या मोटर (हालचाल घडवणाऱ्या) कॉर्टेक्समध्ये वीज उमटते आणि साधारण २० ते २५ मिलिसेकंदांत हाताचा स्नायू प्रतिसाद देतो. पक्षाघातानंतर पहिल्या काही दिवसांत हात हलत नसतानाही हा प्रतिसाद मिळाला, तर कॉर्टेक्सपासून हातापर्यंतची वाट शिल्लक आहे असं समजतं आणि हात सुधारण्याची आशा वाढते. प्रतिसाद न मिळाल्याने सगळं संपलं असं मात्र नाही. सगळीकडे हे करत नाहीत, आणि डोक्यात धातूची क्लिप किंवा अपस्माराचा त्रास असेल तर आधी सांगावं लागतं. पुढचं विचारायचं असेल तर वेगळा धागा काढा, मी येतो तिकडे.

सावली_दुपारची

मृण्मयी, माझ्या नवऱ्याला हाच आजार आहे, निदान व्हायलाही असाच वेळ गेला. तपासण्या होईपर्यंत घरात जे करता येईल ते लगेच करा. टेबल मोकळं ठेवा, एका वेळी एकच वस्तू समोर. पेला गडद रंगाचा आणि खालचा कपडा फिकट, म्हणजे कडा उठून दिसते. काळ्या कार्डाला एका ओळीएवढी खिडकी कापून द्या, वाचताना ती ओळीवर सरकवायची. यांचं वाचन त्यावर बराच काळ टिकलं. जिन्याच्या प्रत्येक पायरीच्या कडेला रंगीत पट्टी. गाडी चालवत असतील तर ती आजच थांबवा, यात चालढकल नको. आणि गोष्टी वाचून दाखवा, रेकॉर्ड ऐकवा. कान उत्तम चाललेत तर त्यांचा उपयोग करून घ्या.

मृण्मयी_लिहिते

काळं कार्ड आजच कापलं. तिने त्यावर अर्धं पान वाचलं!

नव्या न्यूरोलॉजिस्टना भेटलो. त्यांनी घड्याळाचा कागद शांतपणे बघितला, एमआरआय परत वाचायला दिला आणि एफडीजी-पेट लिहून दिला. एकच विचारायचं आहे: त्या दिवशी आम्ही काय काळजी घ्यायची? आई घाबरते, तेव्हा इंजेक्शननंतर मी तिच्याशी गप्पा मारत बसले तर चालेल का?

अनवाणी

तेवढं मात्र करू नका. आधी काही तास उपाशीपोटी जायचं असतं, पाणी चालतं, आणि तिथे रक्तातली साखर तपासतात; मधुमेह असेल तर केंद्राला आधीच कळवा. इंजेक्शननंतर साधारण अर्धा तास मंद उजेडाच्या शांत खोलीत स्वस्थ बसवतात. त्या वेळात कॉर्टेक्सचा जो भाग राबतो तो जास्त ग्लुकोज ओढतो. गप्पा मारल्या तर भाषेचा आणि ऐकण्याचा भाग उजळून निघेल, मोबाईल दाखवला तर बघण्याचा, आणि मग चित्र वाचणाऱ्याची दिशाभूल होईल. इंजेक्शनच्या आधी हवा तेवढा वेळ तिचा हात धरून बसा, पुढे काय होणार आहे ते एकेक करून सांगा, आणि नंतर ती खोलीत असेल तेव्हा दाराबाहेर थांबा.