गूढविद्येचा इतिहास लिहायचाय, प्रकाशनाची नोकरी सांभाळून

ओलीशाई
मी प्रकाशनगृहात संपादक आहे. काम मुख्यतः गूढविद्येवरच्या जुन्या पुस्तकांच्या पुनर्मुद्रणाचं. आता याच परंपरांचा इतिहास स्वतः लिहायचा आहे. साधनेचं मार्गदर्शन नाही, इतिहासच. डोळ्यांसमोर उदाहरण मिच होरोविट्झ यांचं आहे: टार्चर या अमेरिकन प्रकाशनाचे तेव्हाचे मुख्य संपादक, आणि २००९ मध्ये अमेरिकेतल्या गूढ परंपरांवर स्वतःचं पुस्तक. सुरुवात कुठून करावी? पुरावे कितपत पक्के लागतात? आणि पुस्तक स्वतःच्याच संस्थेतून काढावं का?

जुनीपोथी
शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो: काढू नका. होरोविट्झ यांचं ते पुस्तकही टार्चरने नाही, बॅन्टम या दुसऱ्या प्रकाशनाने काढलं. बाहेरचा संपादक तुमचं प्रकरण सरळ परत पाठवू शकतो. तुमच्या हाताखालच्या माणसाला ते जमणार नाही. लिहायला बसण्याआधी नोकरीच्या करारातली दोन कलमं वाचा. नोकरीच्या काळात लिहिलेल्या मजकुरावर संस्था हक्क सांगते का, आणि संस्थेच्या यादीतल्या पुस्तकांशी स्पर्धा करणारं पुस्तक दुसरीकडे द्यायला परवानगी लागते का. लागत असेल तर ती लेखी घ्या. शिवाय ज्या पुस्तकांबद्दल लिहिताय त्यांतली कोणती तुमची संस्था विकते, हे प्रस्तावनेत स्वच्छ सांगा.

सुरुवात पुनर्मुद्रणांच्या प्रस्तावनांपासून करा. दीड-दोन हजार शब्द पुरतात. पहिली आवृत्ती कधी, कुठे, कोणी छापली. मुखपृष्ठावरचं नाव खरं की टोपण. पुढच्या आवृत्त्यांत काय गाळलं, काय घुसवलं. हे शोधायला हातात प्रत लागते आणि ती तुमच्या टेबलावर आहेच. पाच-सहा प्रस्तावना एकाच काळावरच्या झाल्या की पुस्तकाचा सांगाडा आपोआप दिसू लागतो.

खिळेजुळारी
पुराव्यांबद्दल. प्रत्येक ग्रंथासाठी दोन तारखा वेगळ्या नोंदवा: ग्रंथ स्वतःबद्दल जो काळ सांगतो तो, आणि त्याचा सर्वांत जुना हाती लागणारा पुरावा. या विषयातल्या बहुतेक चुका या दोन रकाने एकमेकांत मिसळल्याने होतात.

हर्मिस त्रिस्मेगिस्तस या दंतकथेतल्या ज्ञानी पुरुषाच्या नावावरच्या (म्हणून ‘हर्मेटिक’) ग्रीक ग्रंथांचं लॅटिन भाषांतर मार्सिलिओ फिचिनोने १४६३ मध्ये केलं, ते १४७१ मध्ये छापलं गेलं, आणि हे ज्ञान मोझेसच्या काळाइतकं जुनं आहे असं विद्वानही धरून चालले. १६१४ मध्ये भाषापंडित आयझॅक कासोबाँने भाषेवरून दाखवलं की हे लेखन ख्रिस्तोत्तर शतकांतलं आहे. भविष्य पाहायला वापरतात त्या टॅरो पत्त्यांचंही तेच: पत्ते पंधराव्या शतकातल्या उत्तर इटलीतले, ते प्राचीन इजिप्तचे असल्याचा दावा मात्र फ्रेंच लेखक कूर द जेबलँचा, १७८१ चा. इजिप्तची चित्रलिपी उलगडली १८२२ मध्ये, म्हणजे त्याला तो दावा तपासायचं साधनच नव्हतं.

तुमच्यासाठी सर्वांत महत्त्वाचं उदाहरण ‘किबॅलियन’ हे पुस्तक. १९०८, शिकागो, लेखक म्हणून फक्त ‘तीन दीक्षित’. आत प्राचीन हर्मेटिक ज्ञानाचा दावा, विचार मात्र त्या वेळच्या अमेरिकेतल्या ‘न्यू थॉट’ चळवळीचा, म्हणजे विचारांच्या बळावर आयुष्य बदलतं असं मानणाऱ्यांचा. अभ्यासक ते विल्यम वॉकर ॲटकिन्सनचं मानतात, ज्याने योगी रामचारक या नावानेही योगावर पुस्तकं लिहिली. मलपृष्ठावर ‘हजारो वर्षांची विद्या’ असं छापणारा प्रकाशक या इतिहासातलं एक पात्र असतो. तुम्ही त्याच जागी बसला आहात, म्हणून जुन्या जाहिराती, किंमतपत्रकं, वर्गणीदारांच्या याद्या जपून वाचा. ग्रंथ कोणाला विकायचा होता ते तिथे कळतं.

अर्धविराम
@खिळेजुळारी, सहमत, पण एवढ्यावर थांबलं तर फक्त खोटं पकडण्याची यादी तयार होते. १६१४ मध्ये जर्मनीत कासेलला रोझिक्रूशियन नावाच्या गुप्त बंधुसंघाचा जाहीरनामा छापला गेला. तो बंधुसंघ खरोखर होता याचा पुरावा नाही, तरी युरोपभर त्याला छापील उत्तरं निघाली. इतिहास त्या उत्तरांत आहे. आणि वाद असेल तिथे दोन्ही बाजू मुळातून वाचा. थिऑसॉफिकल सोसायटीच्या एक संस्थापक ब्लाव्हाट्स्की यांना ठक ठरवणारा, सोसायटी फॉर सायकिकल रिसर्चचा हॉजसन अहवाल १८८५ चा. त्याच संशोधन संस्थेच्या नियतकालिकात व्हर्नन हॅरिसन यांनी १९८६ मध्ये त्यावर कडक टीका केली. एकच उद्धृत करणारा लेखक जाणकार वाचकाच्या लगेच लक्षात येतो.

ओलीशाई
फार उपयोगी. पुस्तकात जुनी चित्रं घ्यायची असतील, समजा वेट-स्मिथ टॅरोचा संच, तर हक्काचं गणित कसं करायचं?

चौथाफर्मा
चित्रांचा हक्क चित्रकाराच्या मृत्यूपासून मोजा. तो संच १९०९ चा. संचाची कल्पना आर्थर वेट यांची, ते १९४२ मध्ये वारले, पण चित्रं पामेला कोलमन स्मिथ यांची आणि त्या १९५१ मध्ये गेल्या. त्यामुळे मृत्यूनंतर ७० वर्षं मोजणाऱ्या ब्रिटनमध्ये हक्क २०२१ अखेर संपला. अमेरिकेत १९७८ पूर्वीच्या प्रकाशनांना जास्तीत जास्त ९५ वर्षं, तीही प्रकाशनापासून. भारतात मृत्यूनंतर ६०. जिथे जिथे पुस्तक विकणार तिथलं गणित वेगळं करा. नंतरच्या आवृत्त्यांतले नव्याने भरलेले रंग टाळा, त्यांवर वेगळा हक्क सांगितला जातो. जुन्या मजकुराचं नवं भाषांतर, नवी प्रस्तावना यांनाही स्वतंत्र हक्क असतो.

स्कॅनच्या बाबतीत: रेषाचित्रं छापायच्या आकारात १२०० डीपीआय, छायाचित्रं ३००. पुस्तकातलं आधीच जाळीने (म्हणजे बारीक ठिपक्यांनी) छापलेलं छायाचित्र तसंच पुन्हा जाळीतून गेलं तर लहरी उमटतात, आधी डीस्क्रीन करा, म्हणजे ते ठिपके काढून टाका. संग्रहालयांच्या स्कॅनमध्ये घडीची पानं न उलगडताच टिपलेली असतात, म्हणून चित्रसूची हातात धरून प्रत्येक चित्र मोजा. अठराव्या शतकातल्या इंग्रजी मजकुरात लांब ‘एस’ (ſ) ओसीआरला, म्हणजे स्कॅनमधली अक्षरं ओळखणाऱ्या प्रणालीला, ‘एफ’ वाटतो. ग्रीक आणि हिब्रू ओसीआरवर सोडूच नका, हाताने टंकून त्या भाषेच्या जाणकाराकडून तपासा. हिब्रू वाक्यांश दोन ओळींत तुटला की शब्दांचा क्रम उलटतो, त्यामुळे पानाची अंतिम जुळणी झाल्यावर तो पुन्हा वाचून घ्या.