फोनवर आई नुसती ‘हो हो’ म्हणते

सातारकर:
आई ७८ वर्षांची, घरी एकटीच. काहीही विचारलं तरी ‘हो हो, बरंय’ म्हणून फोन ठेवते. कानाचं मशीन आहे, पण डबीत पडून. काय करावं?

श्रवणतज्ज्ञ_पुणे:
वयानुसार आधी वरच्या पट्टीतले आवाज जातात. स, श, त, फ पुसट होतात, स्वर ऐकू येतात. म्हणजे आवाज पोचतो, शब्द लागत नाही, आणि पुन्हा पुन्हा विचारायचा संकोच वाटतो. ओरडू नका, त्याने शब्द आणखी फाटतात. जुन्या पद्धतीचा साधा कॉल ३४०० हर्ट्झच्या वरचं, म्हणजे हेच वरच्या पट्टीतले आवाज, कापतो. व्हिडिओ कॉल बरा, ओठही दिसतात. उजेड तुमच्या तोंडावर हवा, पाठीमागे खिडकी नको.

विनया_क:
मशीन टाकून देण्याआधी टोकाची मळाची जाळी बघा, बऱ्याचदा तीच तुंबलेली असते. बटण सेलचा स्टिकर काढून दोनेक मिनिटं हवा लागू द्या, मग बसवा. तरी कुरकुर असेल तर नवी ऑडिओमेट्री (ऐकण्याची तपासणी) आणि मशीनचं सेटिंग.

श्रवणतज्ज्ञ_पुणे:
बरोबर. आणि ‘कळलं का?’ नको, हमखास ‘हो’ येणार. ‘गुरुवारी डॉक्टरांकडे किती वाजता जायचंय?’ असं विचारा. चुकलं तर तेच वाक्य न घोकता शब्द बदला: ‘सातला’ऐवजी ‘संध्याकाळी, दिवेलागणीला’.