कमलाबाई गोखले: फक्त ‘पहिली नायिका’?

धागाकर्ती: कमलाबाईंचं नाव निघालं की एकच ओळ येते. १९१३ साली फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये मोहिनी झालेली, भारतीय सिनेमातली पहिली नायिका. ही ओळ मला आता खुपते. तेव्हा त्या जेमतेम तेरा वर्षांच्या होत्या हो! पुढे पती अकाली गेले. तीन मुलगे वाढवत ही बाई नाटकं करत राहिली, पुरुषांच्या भूमिकासुद्धा केल्या. अख्खी हयात रंगभूमीवर घालवलेल्या नटीची ओळख एका मूकपटावर उरकायची?

प्रतिसाद १: साफ असहमत. त्या मूकपटामुळेच आज आपण त्यांच्याबद्दल बोलतोय. फिरत्या कंपन्यांत आयुष्य काढलेल्या किती नटींची नावं आठवतात? आणि त्याच वर्षी ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती कोणी केली? साळुंके या पुरुषानं, कारण कॅमेऱ्यापुढे उभं राहायला बाईच मिळेना.

धागाकर्ती: तरी कमलाबाईंच्या मोहिनीनं बायकांची वाट लगेच मोकळी झाली नाही. १९१७च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता, दोन्ही साळुंक्यांनीच केले. म्हणजे चार वर्षांनीही सीता पुरुषच!

प्रतिसाद २: तुम्ही दोघंही दुर्गाबाई कामतांना विसरलात. कमलाबाईंची आई. त्याच चित्रपटात पार्वती त्यांनी केली. तेरा वर्षांच्या पोरीनं स्वतः काय ठरवलं असणार? बाईनं नाटकात काम करणंही लोकांच्या डोळ्यांत सलायचं, त्या काळात आई लेकीला घेऊन सिनेमात उतरली. पहिला मान तिचा.

प्रतिसाद १: हे मात्र पटलं. धाडस आईचंच.

धागाकर्ती: मलाही. पण मग कमलाबाईंचं स्वतःचं काय? ते रीना मोहन यांच्या ‘कमलाबाई’ या माहितीपटात दिसतं. वयाची ऐंशी उलटलेली बाई जुन्या नाटकांतले तुकडे म्हणून दाखवते. मी त्या जागा पुन्हा पुन्हा मागे नेऊन पाहिल्या. तिथे तेरा वर्षांची मोहिनी नसते, मुरलेली नटी असते. नाहीतर आपण ‘चंद्रकांत गोखल्यांची आई, विक्रम गोखल्यांची आजी’ म्हणून मोकळे होतो.

प्रतिसाद १: आणि त्या माहितीपटापर्यंत तुम्ही पोचलात कशा?

धागाकर्ती: ‘पहिली नायिका’ शोधतानाच. तेवढं तुमचं खरं. तरी त्यांच्या परिचयात रंगभूमी पहिल्या ओळीत यावी, मोहिनी दुसऱ्या.