'महत्त्वाकांक्षी' हा गुण की दोष?

शाखाधिकारी

नमस्कार मंडळी. मी एका सहकारी बँकेत शाखाधिकारी आहे. गेल्या महिन्यात आमच्या शाखेतल्या एका मुलीचं नाव बढतीसाठी मुख्य कार्यालयाकडे पाठवलं. सोबतचा अभिप्राय मराठीत लिहावा लागतो. मी लिहिलं, 'कामात चोख, मेहनती आणि महत्त्वाकांक्षी.' कागद परत आला तो 'महत्त्वाकांक्षी'भोवती लाल गोल घेऊनच. समासात पेन्सिलीने लिहिलं होतं, 'हा गुण समजायचा की दोष?'

मला ते फार लागलं. ही मुलगी सहा वर्षं रोख खिडकीवर आहे. मधल्या सुट्टीत डबा लवकर उरकून कर्ज विभागातल्या जुन्या फायली मागून घेते. तारण काय होतं, हप्ते कुठून थकायला लागले, हे बारकाईने वाचते. बँक कर्मचाऱ्यांसाठीची जेएआयआयबी परीक्षा झाली आहे, तिच्या पुढच्या सीएआयआयबीचा अभ्यास सुरू आहे. एके दिवशी माझ्यासमोर उभी राहून म्हणाली, "मॅडम, मला एक दिवस शाखा सांभाळायची आहे." याला मराठीत काय म्हणायचं? 'अ‍ॅम्बिशस' लिहिलं असतं तर तो गोल पडला नसता, असं राहून राहून वाटतं.

आणि त्यात 'त' एक की दोन?

मुद्रितशोधक

दोन. महत् अधिक त्व, म्हणून महत्त्व. 'तत्त्व' आणि 'सत्त्व' यांचंही तसंच.

कोल्हापूरकर

ताई, माझ्या मते गोल शब्दाला नाही, त्यातल्या 'महत्त्वा'ला पडला. ऐकणाऱ्याला वाटतं, हिला स्वतःचं महत्त्व वाढवायचंय. शिवाय हा शब्द कोणाबद्दल वापरला यावर त्याचा रंग ठरतो, हे मी आमच्याच घरात ऐकलंय. भावाचं लग्न ठरवताना सगळे सांगत होते, 'मुलगा महत्त्वाकांक्षी आहे.' त्याच बैठकीत एका स्थळाबद्दल मामी म्हणाल्या, 'मुलगी जरा महत्त्वाकांक्षीच वाटते.' तो 'जरा' आणि तो 'च' कोणत्याही कोशात सापडायचा नाही.

यश मिळाल्यानंतरचे शब्द मराठीत भरपूर आहेत. नाव काढलं, जम बसला, मोठी मजल मारली, कर्तबगार निघाली. पण यश अजून हातात नाही, नुसती इच्छा आहे, त्या अवस्थेला नाव द्यायचं म्हटलं की हाव, हव्यास हेच आधी तोंडात येतात. 'ईर्षा' चांगला शब्द आहे, 'ईर्षेने अभ्यासाला लागला' असं आपण कौतुकाने म्हणतो. पण 'ईर्ष्या' म्हणजे मत्सर. एका यकाराने सगळा अर्थ फिरतो, म्हणून कार्यालयीन कागदात तो नको.

निवृत्त लेखापाल

मी जिल्हा परिषदेत एकतीस वर्षं काढली. आमच्या बोलण्यात 'बढती', टिपणीत 'पदोन्नती'. बढती-बदली, बढती नाकारली, बढतीवर पाणी सोडलं, हे रोजचं. 'पदोन्नती' मात्र यादीतच शोभते. ज्येष्ठता यादी, गोपनीय अहवाल, विभागीय परीक्षा यांच्या शेजारी.

या शब्दाची एक गोष्ट मला नेहमी टोचत आली. राज्य सरकारने १ ऑक्टोबर १९९४ पासून कालबद्ध पदोन्नती लागू केली. एकाच पदावर १२ वर्षं झाली की वरच्या पदाची वेतनश्रेणी. पद मात्र तेच, टेबल तेच. शब्दाच्या पोटात 'पद' होतं आणि हातात पगारवाढ. पुढे २००१ मध्ये तिच्या जागी 'सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना' आली. नावातलं पद गेलं, प्रगती आली. सातव्या वेतन आयोगानंतर तिचे लाभ १०, २० आणि ३० वर्षांनी मिळतात. घरात पैसा आला, त्याचा आनंद होताच. पण प्रगतीला 'आश्वासित' हे विशेषण लागलं की तिच्यात माणसाच्या इच्छेला जागा राहत नाही, नोकरीत टिकलं की पुरतं. तुमची ती मुलगी वर्षं मोजत बसलेली नाही. तिच्यासाठी शब्द शोधताय, हे वाचून फार बरं वाटलं.

आमचा खरा शब्द होता वशिला. मूळ अरबी, अर्थ साधन, माध्यम. त्यात वाईट काहीच नव्हतं. आपण त्याला तट्टू जोडलं आणि तो बदनाम झाला.

संस्कृत शिक्षक

'महत्त्व' जरा बाजूला ठेवून 'आकांक्षा' बघा. न्यायशास्त्रात वाक्याचा अर्थ कळायला तीन गोष्टी लागतात : आकांक्षा, योग्यता आणि सन्निधी. 'गाय, घोडा, माणूस, हत्ती' असे शब्द ओळीने म्हटले तर वाक्य होत नाही, कारण त्यांना एकमेकांची अपेक्षा नाही. 'गाय' म्हटल्यावर 'आण' किंवा 'बांध' यायला हवं, ती ओढ म्हणजे आकांक्षा. 'विस्तवाने शिंप' यात आकांक्षा आहे, योग्यता नाही. आणि 'गाय' आत्ता म्हणून 'आण' दोन तासांनी म्हटलं तर सन्निधी, म्हणजे जवळीक, नाही.

मी हे वर्गात चाळीस वेळा शिकवलं असेन, पण नोकरीशी आज पहिल्यांदा जोडतोय. तिच्याकडे आकांक्षा आहे. परीक्षा आणि फायली ही योग्यता. आता उरली सन्निधी. ती तिच्या हातात नाही, तुमच्या आणि त्या लाल पेनवाल्यांच्या हातात आहे.

नाशिकहून एक आजी

'होतकरू' कोणी कसं सुचवलं नाही? ज्याच्या हातून पुढे काही होणार आहे, तो होतकरू. आम्ही लहानपणी सर्रास म्हणायचो. आता तो 'गरीब व होतकरू विद्यार्थ्यांना वह्यावाटप' एवढ्यातच अडकलाय. त्याला तिथून सोडवा.

आणि दुसरा शब्द 'उमेद'. फारसी, अर्थ आशा. त्यातूनच 'उमेदवार'. आज उमेदवार म्हटलं की निवडणूक आठवते, पण जुन्या कचेऱ्यांत उमेदवार म्हणजे पुढेमागे जागा मिळेल या आशेवर बिनपगारी काम करणारा. माझ्या वडिलांनी मामलेदार कचेरीत दोन वर्षं उमेदवारी केली. सकाळी घरून भाकरी बांधून न्यायची, दिवसभर नकला उतरवायच्या. संध्याकाळी उजव्या हाताच्या मधल्या बोटाला शाईचा जो डाग असे, तो आई चिंचेने घासून काढायची. पेन्शनीत गेल्यावरही 'माझ्या उमेदवारीत' म्हणून ते गोष्टी सांगत. आयटीआयच्या पोरांना सरकार अजून 'शिकाऊ उमेदवार'च म्हणतं, तिथे तो जुना अर्थ जिवंत आहे. उमेदीत नुसती इच्छा नसते, शिकायची तयारीही असते.

कोल्हापूरकर

आजी, 'होतकरू' सहा वर्षं नोकरी केलेल्या बाईला लहान करतो असं मला वाटतं. विशीतल्या पोराला शोभेल. 'उमेद' मात्र मान्य.

शाखाधिकारी

सगळ्यांचे मनापासून आभार. 'होतकरू' मीही घेतला नाही, पण आजी, आमच्या नव्या शिपायाबद्दल बोलताना काल तो आपसूक तोंडात आला.

विशेषण काढूनच टाकलं. सोमवारी पाठवलेल्या अभिप्रायात आता अशी वाक्यं आहेत : 'सहा वर्षं रोख विभाग सांभाळत असताना यांनी कर्ज विभागाचं काम स्वतःहून शिकून घेतलं आहे. शाखेची जबाबदारी घेण्याची त्यांची उमेद आहे आणि तशी त्यांची तयारीही झाली आहे. त्यांना पुढील सहा महिने कर्ज विभागात बसवावे, अशी शिफारस करते.'

सर, शेवटचं वाक्य तुमच्या सन्निधीचं आहे. आणि सही करण्याआधी तो कागद मी तिला वाचायला दिला.