कॅथलिक धर्मगुरू परदेशी वार्ताहर होऊ शकतो का?

प्रश्न : वसईकर

आमच्या धर्मग्रामातील (पॅरिशमधील) एक तरुण सेमिनरीत, म्हणजे धर्मगुरू घडवणाऱ्या विद्यालयात, जाण्याच्या तयारीत आहे, परंतु त्याला पत्रकारितेचीही तितकीच ओढ आहे आणि परदेशांतून बातमीपत्रे पाठवण्याची इच्छा तो मोकळेपणाने बोलून दाखवतो. फादरांनी मासिक चालवणे आम्हाला नवे नाही; फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी 'सुवार्ता'चे संपादन अनेक वर्षे केले आणि २०२० साली ते उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षही झाले. मात्र संपादकाची खुर्ची वेगळी आणि वार्ताहराची पायपीट वेगळी. ज्याने वरिष्ठांच्या आज्ञेत राहण्याचे वचन दिले आहे, तो चर्चला अडचणीची ठरणारी बातमी देऊ शकतो का? आजवर कोणी दिली आहे का?

प्रतिसाद १ : जुना वाचक

दिली आहे, पण नाव लपवून. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या, म्हणजे जगभरच्या कॅथलिक बिशपांच्या रोममधील सभेच्या काळात, १९६२ ते १९६५ दरम्यान, 'न्यू यॉर्कर' साप्ताहिकात व्हॅटिकनहून येणारी दीर्घ पत्रे 'झेवियर रिन' या नावाने छापली जात असत. लेखक होते फादर फ्रान्सिस झेवियर मर्फी, न्यू यॉर्कच्या ब्राँक्समध्ये जन्मलेले रिडेम्प्टरिस्ट संघाचे धर्मगुरू, जे त्या वेळी रोमच्या अल्फोन्सियन अकादमीत शिकवत होते. टोपणनावातले 'रिन' हे त्यांच्या आईचे माहेरचे आडनाव.

या पत्रांचे मोल समजण्यासाठी तेव्हाची अडचण ध्यानात घ्यावी लागेल. परिषदेचे कामकाज लॅटिनमध्ये आणि गुप्ततेच्या बंधनाखाली चाले, आणि पहिल्या अधिवेशनात पत्रकारांच्या हाती पडणाऱ्या कोरड्या निवेदनांवरून कोण काय बोलले हे कळण्याची सोय नव्हती. मर्फींच्या पत्रांतून मात्र सभागृहच डोळ्यांसमोर उभे राही. ३० ऑक्टोबर १९६२ रोजी क्युरियातील, म्हणजे पोपच्या प्रशासनातील, सर्वांत वजनदार कार्डिनलांपैकी एक असलेले ओत्तावियानी दहा मिनिटांची मर्यादा ओलांडून बोलतच राहिले, तेव्हा अध्यक्षस्थानी असलेल्या हॉलंडच्या कार्डिनल आल्फ्रिंक यांनी त्यांचा ध्वनिक्षेपक बंद करवला आणि जमलेल्या बिशपांनी चक्क टाळ्या वाजवल्या. हे बाहेर ताटकळणाऱ्या पत्रकाराला कसे दिसणार? संशय अनेकांना होता, पण मर्फींनी जाहीर कबुली दिली ती थेट १९९९ मध्ये. २००२ साली ते वारले. तेव्हा आपल्या प्रश्नाचे अर्धे उत्तर हेच आहे की धर्मगुरू असल्यामुळे त्यांना बातमी मिळाली आणि धर्मगुरू असल्यामुळेच ती स्वतःच्या नावाने देता आली नाही.

प्रतिसाद २ : हाँगकाँगमध्ये राहिलेला

मर्फींच्या अगदी उलट उदाहरण फादर लास्लो लादानी यांचे आहे. हे हंगेरियन येशूसंघीय (जेझुइट) धर्मगुरू चीनमध्ये काम करत होते. १९४९ मध्ये ते तेथून हाँगकाँगला आले आणि १९५३ पासून १९८२ पर्यंत त्यांनी 'चायना न्यूज ॲनालिसिस' हे पत्रक काढले. बाराशेंहून अधिक अंक निघाले. ज्या देशाविषयी लिहायचे त्या देशात पाऊल ठेवण्याची मुभा नाही, म्हणून ते चिनी वृत्तपत्रे बारकाईने वाचत आणि प्रांतोप्रांतीच्या रेडिओ केंद्रांची प्रसारणे ऐकत. एखादी घोषणा कालपर्यंत होती आणि आज गळली, एखाद्या अधिकाऱ्याचे नाव यादीत खाली सरकले, यावरून ते अर्थ लावत. पाश्चात्त्य विद्वानांपैकी अनेकजण माओवर लुब्ध असताना हा फादर साम्यवादी पक्षाच्याच छापील मजकुरातून दुष्काळ आणि दडपशाही वाचून काढत होता. चर्चचा माणूस म्हणून साम्यवादाविषयी पूर्वग्रह बाळगतो, असा आक्षेप त्यांच्यावर घेणे सोपे होते. पण मजकूर सरकारी वृत्तपत्रांतला असल्याने तो पडताळून पाहणेही कोणालाही शक्य होते. माझ्या मते नाव लपवण्यापेक्षा ही वाट अधिक सचोटीची.

वसईकर

दोघांचेही आभार. पण लादानींना वार्ताहर म्हणावे की विश्लेषक? आणि आजच्या मुलाने रीतसर परवानगी कोणाकडे मागायची?

प्रतिसाद ३ : कायदा वाचणारा

काटेकोरपणे पाहिले तर लादानी विश्लेषकच. परवानगीबाबत १९८३ च्या चर्च-कायद्यातील कलम ८३१ आणि ८३२ पाहावीत. कॅथलिक धर्मावर उघड हल्ला करण्याची सवय असलेल्या वृत्तपत्रांत धर्मगुरूने किंवा संन्यस्ताने लिहायचे झाल्यास स्थानिक धर्माधिकाऱ्याची परवानगी लागते. संन्यस्त संघाच्या सदस्याला धर्म किंवा नीती या विषयांवरील लेखन प्रसिद्ध करण्यासाठी आपल्या वरिष्ठांचीही परवानगी घ्यावी लागते. म्हणजे निवडणुकीची किंवा भूकंपाची बातमी या कलमांच्या कक्षेत येत नाही. तेथे प्रश्न उरतो तो नेमणुकीचा, कारण कोठे राहायचे आणि कोणते काम करायचे हे बिशप किंवा संन्यस्त संघाचे प्रांतप्रमुख ठरवतात.

त्यामुळे वार्ताहरकीची ओढ खरी असेल, तर धर्मप्रांताच्या, म्हणजे एका बिशपच्या अखत्यारीतील, सेमिनरीपेक्षा परदेशी काम करणाऱ्या एखाद्या मिशनरी संघाकडे त्या तरुणाने आधी चौकशी करावी. मिलानच्या पिमे संघाची 'एशियान्यूज' ही वृत्तसंस्था आहे आणि व्हॅटिकनची 'फिदेस' १९२७ पासून चालू आहे. फादर बर्नार्दो चेर्व्हेल्लेरा यांनी या दोन्ही संस्थांचे संचालकपद सांभाळले. सेमिनरीचा अर्ज भरण्यापूर्वी हा फरक त्याच्या कानावर घालावा, कारण गुरुदीक्षेनंतर धर्मप्रांत बदलणे सहसा दोन्हीकडच्या बिशपांच्या लेखी संमतीशिवाय होत नाही.